ह्वे नगरींतील एक दिवस

प्रवासवर्णन लिहूं इच्छिणाऱ्यानें त्या देशांत निदान चार महिने तरी राहिलें पाहिजे, असें माझें आजवरचें मत होतें. शाळेंत निबंधाचा तास घेतांना मी मुलांनाहि तेंच सांगत असें. आज त्या मताविरुद्ध वर्तन करण्याचा प्रसंग माझ्यावरच आला आहे. ज्या नगरीविषयीं हा लेख आहे तेथें मी अवघा एक दिवस होतों, आणि तो दिवसहि सहलीच्या गाडींतून, घड्याळाच्या तंत्रानें, एका मार्गदर्शिकेच्या छत्रीमागून चालण्यांत गेला. तथापि त्या एका दिवसानें माझ्या एका जुन्या अहंकाराला असा कांहीं धक्का दिला कीं, तो वाचकांपासून लपवून ठेवणें मला प्रशस्त वाटत नाहीं.

गेल्या माघ महिन्यांत आमच्या चिरंजीवांनीं आम्हां उभयतांस व्हिएतनाम देश दाखविण्याचा हट्ट धरला. मी कबूल झालों तो चंपेच्या ओढीनें. त्या देशाच्या मध्यभागीं पूर्वीं चाम लोकांचें चंपा नांवाचें राज्य होतें. तेथील राजे भद्रवर्मा, जयसिंहवर्मा अशीं नांवें धारण करीत, शिवाचीं देवालयें बांधीत आणि दानलेख संस्कृतांत कोरवीत. मीसोन येथील त्यांचीं भग्न देवालयें आम्हीं आदल्या दिवशीं पाहिलीं. एका शिलालेखापुढें मी मोठ्या उत्कंठेनें उभा राहिलों. भाषा संस्कृत, जी शिकविण्यांत माझीं पस्तीस वर्षें गेलीं. पण लिपि पडली दक्षिणेकडील प्राचीन वळणाची. मला एक अक्षरहि लागलें नाहीं. "दोष काळाचा, माझा नव्हे," असें म्हणून मीं मनाचें समाधान करून घेतलें.

दुसऱ्या दिवशीं सकाळीं दानांग शहराहून आमची गाडी निघाली. ह्वे तेथून उत्तरेस सुमारें शंभर किलोमीटर आहे. गाडींत नाना देशांचे चौदा प्रवासी होते. मार्गदर्शिका पंचविशीच्या आंतबाहेरची, लांब रेशमी झग्यांतली, इंग्रजी स्वच्छ बोलणारी मुलगी होती. तिनें प्रथम काय केलें असेल तर आम्हां सर्वांचें वय विचारलें. गोऱ्या प्रवाश्यांच्या चेहऱ्यांवर आठ्या पडल्या. तेव्हां तिनें हंसून खुलासा केला कीं, त्यांच्या भाषेंत "मी" आणि "तूं" यांना सर्वत्र चालणारे असे शब्दच नाहींत. समोरचा मनुष्य आजोबा, काका, थोरला भाऊ कीं धाकटी बहीण, हें ठरल्यावांचून वाक्यास आरंभच होत नाहीं. त्याप्रमाणें मी "ओंग" म्हणजे आजोबा झालों, सौभाग्यवती "बा" म्हणजे आजी झाली, आणि ती स्वतः झाली "चाऊ" म्हणजे नात. ज्या भाषेचें व्याकरणच एकत्र कुटुंबावर उभारलेलें आहे, तिच्याविषयीं आमच्या घरांत परकेपणा कसा राहावा? पहिल्या थांब्यापूर्वींच आमच्या डब्यांतील एक बेसनाचा लाडू त्या नातीच्या हातावर पडला होता.

ह्वे ज्या भूमीवर वसली आहे ती मूळची चंपेचीच. १३०६ सालीं चंपेचा राजा तिसरा जयसिंहवर्मा यास व्हिएतनामच्या राजघराण्यांतील हुयेन त्रान ही राजकन्या देण्यांत आली, आणि त्या विवाहासाठीं त्यानें आपले उत्तरेकडील दोन प्रांत सोडून दिले. आपल्याकडे हुंडा वरपक्ष घेतो. येथें वरानेंच दोन प्रांत मोजले! पुढच्याच वर्षीं राजा वारला. राणीला पतीच्या चितेवर चढावें लागेल या भयानें माहेरच्या माणसांनीं तिला युक्तीनें परत नेलें, असें तिकडील बखरी सांगतात. प्रांत मात्र परत गेले नाहींत. त्यांतील एकाला "होआ" हें नांव मिळालें, आणि त्याचाच अपभ्रंश होऊन "ह्वे" झालें असें मानतात.

नगरीचें खरें वैभव मात्र १८०२ पासूनचें. त्या वर्षीं न्ग्वेन घराण्याच्या झा लाँग बादशहानें सारा देश एका छत्राखालीं आणून येथें राजधानी केली. १९४५ पर्यंत या घराण्याचे तेरा बादशहा येथें झाले. सुगंधा असा ज्या नदीच्या नांवाचा अर्थ होतो, तिच्या उत्तर तीरावर सुमारें दहा किलोमीटर घेराचा तट आहे. त्याची रचना फ्रेंच दुर्गशास्त्राप्रमाणें, पण दिशा आणि स्थान पौर्वात्य वास्तुविद्येप्रमाणें. हें काम १८३२ सालीं मिन्ह मांग बादशहाच्या कारकीर्दींत पुरें झालें. तटाच्या आंत दुसरा कोट, त्याच्या आंत बादशहाचें अंतःपुर. युनेस्कोनें १९९३ सालीं जागतिक वारशाच्या यादींत या वास्तूंची नोंद केली, आणि व्हिएतनामांतील तो मान प्रथम ह्वेलाच मिळाला.

प्रवेशाच्या फलकावर "दोन लक्ष डोंग" हा आंकडा पाहून सौभाग्यवतीनें माझा हात धरला. हिशेब केला तों ते सातशें रुपयांच्या आंतच भरले! मग आम्ही लक्षाधीशाच्या ऐटींत १८३३ सालीं बांधलेल्या मध्यान्हद्वारापाशीं आलों. त्यास पांच दारें आहेत. मधलें केवळ बादशहाचें. याच द्वारावरील सज्जांत ३० ऑगस्ट १९४५ रोजीं शेवटचा बादशहा बाओ दाई यानें राजमुद्रा आणि खड्ग नव्या सरकारच्या स्वाधीन करून राज्यत्याग केला. पुढें सिंहासनाची दरबारशाळा लागते. तिचे ऐंशीं लाल स्तंभ सोनेरी नागाकृतींनीं वेढलेले आहेत. मोठ्या दुरुस्तीनंतर ती २०२४ सालीं पुन्हां खुली झाली.

परंतु दरबारशाळेच्या मागें गेल्यावर जें दिसतें तें मोकळें मैदान. गवत, जोत्याचे दगड आणि आकाश. १९४७ सालच्या युद्धांत अंतःपुर जळालें. त्यावर १९६८ सालीं चांद्र नववर्षाच्या सणांत, ३१ जानेवारीस, दुसरी लढाई पेटली ती मार्चच्या आरंभापर्यंत विझली नाहीं. राजकोटांतील शंभरावर इमारतींपैकीं मोजक्याच उभ्या राहिल्या, आणि शहरांतील हजारों निरपराध माणसें मेलीं. आतां कांहीं इमारती नव्यानें उठवीत आहेत. आमची मार्गदर्शिका इतर ठिकाणीं अखंड बोलत होती, येथें ती हळू आवाजांत एवढेंच म्हणाली, "आजोबा, नववर्षाचा सण सरतांच आमच्या गल्लींत एकाच आठवड्यांत बहुतेक घरीं श्राद्ध असतें." युद्धाचें याहून थोडक्या शब्दांत केलेलें वर्णन मीं वाचलेलें नाहीं.

पूर्वजांच्या मंदिरापुढें कांशाचे नऊ प्रचंड कुंभ ओळीनें ठेवलेले आहेत. मिन्ह मांगनें ते १८३५ ते १८३७ या काळांत ओतविले. सर्वांत मोठ्याचें वजन अडीच हजार किलोंहून अधिक आहे. त्यांवर पर्वत, नद्या, नौका, वाघ, मोर, भाताच्या लोंब्या, इतकेंच काय पण फणसाचें झाडहि कोरलेलें आहे. सारा देश एका रांगेंत वाचावा, असें तें धातूचें भूगोलाचें पुस्तक आहे. मी तेथें अर्धा तास सहज काढला असता. पण छत्री पुढें सरकली होती.

भोजनाच्या वेळीं आमच्या शाकाहाराची चिंता होती. मुलगी म्हणाली, "आजी, तुम्हांला चाय मिळेल." सौभाग्यवतीनें स्पष्ट सांगितलें कीं, आधीं जेवण, मग चहा. पुढें उलगडा झाला कीं, त्यांच्या भाषेंत निरामिष अन्नालाच "चाय" म्हणतात. तेथील पुष्कळ भाविक बौद्ध चांद्रमासाच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशीं मांस वर्ज्य करतात. आम्हांस भात, पालेभाज्या आणि अळंब्यांचें सार असें सुग्रास जेवण मिळालें. घरांतून नेलेलें लिंबाचें लोणचें त्याबरोबर छान जुळलें.

दुपारीं आम्ही तु-दुक बादशहाच्या समाधिस्थानीं गेलों. पाइनचीं झाडें, कमळांचें तळें, आंत लांकडी मंडप. १८६४ ते १८६७ या वर्षांत हें बांधलें, आणि बादशहा हयातींतच येथें येऊन राही, कविता करी. मजुरांचे हाल इतके झाले कीं, १८६६ सालीं त्यांनीं बंड केलें. १८८३ सालीं तो मेला. येथील एका मंडपांत सुमारें वीस टनांची शिळा उभी आहे, आणि तिच्यावर जवळजवळ पांच हजार अक्षरें कोरलेलीं आहेत. मृत बादशहाचें चरित्र त्याच्या पुत्रानें लिहावें अशी रीत होती. तु-दुकला पोटचा पुत्र नव्हता. म्हणून आपलें चरित्र त्यानें स्वतःच लिहिलें, आणि त्यांत आत्मस्तुतीऐवजीं स्वतःचे दोष सांगितले. त्याच्याच काळांत देशाचा दक्षिण भाग फ्रेंचांच्या हातीं गेला होता.

हें ऐकून माझें अंतःकरण हेलावलें. पराभूत, निपुत्रिक राजानें दगडावर लिहिलेली ती कबुली. मी शिळेजवळ गेलों आणि मुलीला म्हणालों, "बाळ, ही पहिली ओळ जरा वाचून दाखीव."

ती म्हणाली, "आजोबा, मला हीं अक्षरें येत नाहींत."

अक्षरें चिनी वळणाचीं होतीं. सतराव्या शतकांत युरोपीय धर्मोपदेशकांनीं व्हिएतनामी भाषा रोमन लिपींत बसविली. त्या लिपींतला कोश १६५१ सालीं रोममध्यें छापला गेला. पुढें फ्रेंच अमलांत तीच लिपि रूढ झाली. जुन्या विद्येची शेवटची राजपरीक्षा याच ह्वे नगरींत १९१९ सालीं झाली. आज त्या देशांत सामान्य मनुष्यास पूर्वजांचे लेख वाचतां येत नाहींत. माझ्यांतला मास्तर जागा झाला. "आपल्या पणजोबांचें अक्षर ओळखूं नये, ही केवढी हानि!" असें मी बोलून गेलों.

मुलीला राग आला नाहीं. ती म्हणाली, "पणजोबांना थोडें येत होतें, आजोबा. पण माझी पणजी बाजारांत तांदूळ विकी. मुलींना हीं अक्षरें कोणी शिकवीत नसत. त्या परीक्षाहि पुरुषांच्याच. १९४५ सालीं साक्षरतेचे वर्ग निघाले, तेथें ती रात्रीं जाऊन ही नवी लिपि शिकली. तिनें स्वतः लिहिलेली जमाखर्चाची वही आमच्या घरीं आहे. ती मला वाचतां येते."

मी निरुत्तर झालों. माझ्या डोळ्यांपुढें आमच्या माळ्यावरची पत्र्याची पेटी आली. तिच्यांत आजोबांचीं दप्तरें आहेत, सर्व मोडींत. माझ्या वडिलांना मोडी येत होती. माझ्या वेळीं शाळेंतून ती गेलेली होती. संस्कृताचा शिक्षक म्हणून मिरविणाऱ्या मलाहि आजोबांचें अक्षर लागत नाहीं, आणि ती पेटी आजवर मीं केवळ झुरळें झाडण्यासाठींच उघडली! दुसरी गोष्ट याहून बोंचक होती. आमच्या आजीला संस्कृत तर राहोच, मोडीसुद्धां कोणी शिकविली नव्हती. ती आयुष्यभर अंगठा करीत असे. त्या काळीं घरांत विद्या होती हें खरें. पण ती ओसरीवर होती, माजघरांत नव्हती.

संध्याकाळीं नावेंतून तिएन मू विहारास गेलों. तेथील सात मजल्यांचा अष्टकोनी मनोरा १८४४ सालचा, आणि घंटा १७१० सालची. मागल्या बाजूस एक जुनी निळी मोटार ठेवली आहे. १९६३ सालच्या जून महिन्यांत राजसत्तेकडून होणाऱ्या बौद्धांच्या छळाचा निषेध म्हणून एका वृद्ध भिक्षूनें सायगाव येथें आत्मदहन केलें. तो त्या ठिकाणीं याच मोटारींतून गेला होता. तिच्यापुढें आम्ही थोडा वेळ न बोलतां उभे राहिलों. निरोप घेतांना मुलीनें वही पुढें केली आणि आपलें नांव आमच्या लिपींत लिहून मागितलें. मीं देवनागरींत लिहून दिलें. सौभाग्यवतीनें तिच्या गालावरून हात फिरवून बोटें मोडलीं. त्या क्रियेचें भाषांतर करावें लागलें नाहीं.

घरीं परतल्यावर आठच दिवसांत मी मोडीच्या वर्गास नांव घातलें. वर्गांत माझ्याहून लहान मुलें भराभर वाचतात, आणि मी अडखळतों. तरी गेल्या महिन्यांत पेटींतील एक कागद मीं पुरता लावला. त्यांत पेशवाईचें राजकारण नव्हतें. "तूप पावणे दोन शेर, गूळ पांच शेर, बाळंतिणीसाठीं खोबरें" असा तो हिशेब होता. तारखेवरून पाहतां ती बाळंतीण म्हणजे आमची आजी, आणि तें बाळ म्हणजे माझे वडील.

तो कागद मीं घरांत सर्वांना बसवून मोठ्यानें वाचला. माझी दहा वर्षांची नात आतां दर रविवारीं माझ्याबरोबर वर्गास येते.