अल्पवयीनांचा जामीन

पांढुर्णा आणि सौंसर हे मध्य प्रदेशातील तालुके ऑक्टोबर २०२३ मध्ये छिंदवाड्यापासून विभक्त होऊन त्यांचा स्वतंत्र जिल्हा झाला, तरी घरात मराठी आणि कचेरीत हिंदी ही तेथील जुनी वहिवाट बदललेली नाही. अशा एखाद्या घरातील पंधरा-सोळा वर्षांच्या मुलावर चोरीचा वा मारामारीचा आळ येऊन शिपाई दारात उभा राहिला, म्हणजे आईबापांची पहिली धावपळ होते ती जामीनदार शोधण्याची आणि कोणाच्या तरी शेतजमिनीची ऋणपुस्तिका मिळवण्याची. कारण जामीन म्हणजे जमीनजुमल्याची हमी, अशी समजूत प्रौढांच्या खटल्यांवरून लोकांत रूढ झाली आहे. अल्पवयीनांच्या बाबतीत कायद्याची दृष्टी अगदी निराळी आहे, आणि ती त्या आईबापांना कोणीतरी वेळेवर समजावून द्यावयास हवी.

२०१५ च्या बाल न्याय अधिनियमाचे १२ वे कलम असे सांगते की, अपराध जामीनपात्र असो वा नसो, १८ वर्षांखालील आरोपी मुलाला जामीनदार घेऊन अथवा न घेताही सोडावे, किंवा परिवीक्षा अधिकाऱ्याच्या देखरेखीखाली वा योग्य व्यक्तीच्या हवाली करावे. मुलगा सुटताच सराईत गुन्हेगारांच्या संगतीत सापडेल, त्याला नैतिक, शारीरिक वा मानसिक धोका पोहोचेल, किंवा न्यायाचा हेतूच विफल होईल, असे मानण्यास सबळ आधार असेल तरच सुटका नाकारता येते, आणि तीही कारणे लेखी नमूद करून. अपराधाचे गांभीर्य हे कारण या यादीत नाही. ऑगस्ट २०२४ मध्ये राजस्थानातील एका मुलाला सर्वोच्च न्यायालयाने जामीन दिला, तो यांपैकी एकही धोका असल्याचा निष्कर्ष नोंदविल्यावाचून त्याला वर्षभर डांबून ठेवले होते म्हणूनच. सुटका नाकारली तरी त्या मुलाची रवानगी निरीक्षणगृहात वा सुरक्षित स्थानी होते. कोठडी आणि तुरुंग त्याला सर्वस्वी वर्ज्य आहेत.

पुण्यात मे २०२४ मध्ये एका सतरा वर्षांच्या मुलाच्या मोटारीखाली मध्य प्रदेशातीलच दोन तरुण अभियंत्यांचा बळी गेला आणि त्याच दिवशी त्या मुलाला तीनशे शब्दांचा निबंध लिहिण्यासारख्या अटींवर सोडण्यात आले, तेव्हा सर्वत्र उसळलेला संताप स्वाभाविक होता. पुढे त्याला निरीक्षणगृहात ठेवण्यात आले. परंतु जामीन कायम असताना अशी स्थानबद्धता बेकायदेशीर ठरते, असे सांगून मुंबई उच्च न्यायालयाने २५ जून रोजी त्याला आत्याच्या ताब्यात देण्याचा हुकूम केला. हा निर्णय अनेकांना रुचला नाही. माझ्या मते तो योग्य होता. खेद वाटावयाचा तो याचा, की जे संरक्षण त्या धनवान घराला नामांकित वकिलांकरवी मिळाले, तेच संरक्षण संत्र्यांच्या बागेत रोजंदारी करणाऱ्याच्या मुलालाही कायद्याने दिलेले असून त्याच्या घरी त्याची वार्ताही नसते.

गरिबाच्या दृष्टीने १२ व्या कलमातील सर्वांत मोलाचे पोटकलम चौथे होय. जामीन मंजूर झाला, पण रक्कम वा जामीनदार जमला नाही म्हणून मुलगा आतच राहिला, तर हुकुमापासून सात दिवसांत अटी पुऱ्या न झाल्यास त्याला बाल न्याय मंडळापुढे आणून त्या अटी बदलून घेण्याची तजवीज त्यात आहे. म्हणजे बापाजवळ शेत नाही एवढ्यासाठी मुलाने निरीक्षणगृहात दिवस कंठावेत, हे कायद्याला मान्य नाही. मंडळात एका न्यायदंडाधिकाऱ्याबरोबर दोन समाजसेवक बसतात व त्यांतील एक स्त्री असावीच लागते. अटकेपासून, प्रवासाचा वेळ वगळून, चोवीस तासांत मुलाला मंडळापुढे उभे करावे लागते, आणि मंडळाची बैठक नसेल तर एकट्या सदस्यापुढेही हजर करता येते. कामकाजाची भाषा मुलाला उमगत नसेल, तर दुभाषी देणे हेही मंडळाचेच काम आहे. मराठी घरांनी तो मागण्यास संकोचू नये.

१९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाप्रमाणे प्रत्येक बालकाला, घरचे उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चाने वकील मिळतो. तेव्हा शेजारच्या घरी असा प्रसंग ओढवला, तर ऋणपुस्तिकेसाठी सावकाराची पायरी चढण्याआधी त्या आईबापांना तहसिलीच्या विधी सेवा समितीकडे घेऊन जा, आणि सात दिवस मोजावयास सांगा.