घटिकापात्राचे राखणदार

ज्या घरांत लग्नकार्यें शास्त्रोक्त रीतीनें होत आलीं आहेत, तेथें घटिकापात्राची ओळख करून देण्याचें प्रयोजन नाहीं. तळाशी बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी घंगाळांतील पाण्यावर सोडावी. छिद्रांतून पाणी आंत शिरत जाऊन ती बुडाली म्हणजे एक घटिका, आजच्या गणनेनें चोवीस मिनिटें, झाली असें समजावें. इतकें साधें साधन दुसरें नसेल. मात्र त्यांत एक उणीव आहे: हें पात्र आपण होऊन बुडतें, पण आपण होऊन वर येत नाहीं. तें उचलून, रिकामें करून पुन्हा पाण्यावर सोडण्यास कोणी तरी जागें असावें लागतें.

हा जागता माणूस वाचवावा, त्याच्या जागीं एखादें चिमुकलें बाहुलें बसवावें, ही कल्पना आपल्याकडे फार जुनी आहे. ब्रह्मगुप्तानें इ. स. ६२८ मध्यें रचलेल्या ‘ब्राह्मस्फुटसिद्धान्ता’च्या यंत्राध्यायांत अशीं बाहुलीं आहेत. भांड्यांतील पाणी खालीं उतरूं लागलें कीं तरंगत्या वस्तूस बांधलेली दोरी ओढली जावी, आणि बाहुल्याच्या मुखांतून घटिकांच्या खुणा केलेली पट्टी हळूहळू बाहेर यावी, अशी ती योजना. तेथें वधूवरांची जोडीही आहे. परंतु हीं बाहुलीं वेळ दाखवीत. पाणी पुन्हा भरण्याचें काम माणसाकडेच राही.

तें काम यंत्राकडे सोंपविण्याचा नामी प्रयत्न तैग्रिस नदीच्या कांठीं झाला. अल्-जझरी या कारागिरानें इ. स. १२०६ मध्यें पूर्ण केलेल्या ग्रंथांत हत्तीच्या आकाराचें एक घड्याळ वर्णिलें आहे. हत्तीच्या पोटांतील हौदांत सच्छिद्र वाटी तरंगते. ही आपलीच घटिका. ती बुडतांच दोरी ओढली जाऊन एक गोळी सुटते व सर्पाच्या मुखांत पडते. त्या भारानें सर्प खालीं झुकतो आणि झुकतां झुकतां बुडालेली वाटी वर काढतो. इकडे माहूत टोला देतो. घड्याळाची निगा राखणारें बाहुलें तें हेंच! तरीही गोळ्या संपल्या कीं त्या पुन्हा भरण्यास मनुष्य हवाच.

आमच्या सह्याद्रीच्या आश्रयास राहिलेल्या भास्कराचार्यांनीं नेमकें हेंच मर्म ओळखलें होतें. इ. स. ११५० च्या ‘सिद्धान्तशिरोमणी’मध्यें, ज्यांत वारंवार पाणी घालावें लागतें अशा यंत्रास त्यांनीं परावलंबी, म्हणून ग्राम्य ठरविलें. स्वतः त्यांनीं पारा भरलेल्या आऱ्यांचें, आपोआप फिरत राहणारें चक्र सांगितलें. असें चक्र चालणें शक्य नाहीं, हें आजचें पदार्थविज्ञान जाणतें. घटिकेविषयींचा त्यांचा उपदेश मात्र आजही निर्दोष आहे. पूर्वसूरींनीं पात्राचें वजन, उंची, छिद्र पाडणाऱ्या सुवर्णशलाकेची लांबी, सारें ठरवून दिलें होतें. आचार्य म्हणतात, पात्र अहोरात्रांत किती वेळां बुडतें तें मोजा आणि त्या संख्येनें अहोरात्रास भागा. त्या पात्राचें मान तेंच. प्रमाण ग्रंथांतलें नव्हे, प्रत्यक्ष पाहिलेलें!

पुढें १४० वर्षांनीं, पूर्वीच्या अहमदनगर म्हणजे आतांच्या अहिल्यानगर जिल्ह्यांतील नेवासें क्षेत्रीं, शके १२१२ मध्यें ज्ञानेश्वरी सिद्ध झाली. सूत्रानें हालणाऱ्या सायखड्याच्या बाहुल्याचा दृष्टान्त ज्ञानेश्वर देतात. बाहुलें नाचतें खरें, पण त्यास नाचविणारा निराळा असतो. यंत्राच्या बाबतींत याहून मार्मिक विचार आम्हांस आढळला नाहीं.

लीलावतीची आख्यायिका या प्रकाशांत वाचावी. मुलीच्या विवाहाचा एकच शुभ क्षण भास्कराचार्यांनीं काढला. घटिका पाण्यावर सोडली. कौतुकानें डोकावणाऱ्या लीलावतीच्या अलंकारांतील मोती आंत पडून छिद्र बुजलें, आणि मुहूर्त निघून गेला. ही कथा फैजीनें इ. स. १५८७ मध्यें केलेल्या फारसी भाषांतरांत येते. स्वतः आचार्यांनीं ती कोठेंही सांगितलेली नाहीं. ती इतिहास नव्हे, परंतु शतकानुशतकें घरोघर मुलींस सांगितली गेली, आणि दोष बहुधा त्या बालिकेच्या कुतूहलासच मिळाला.

आम्हांस तसें वाटत नाहीं. वऱ्हाड जमलें होतें, वडीलधारे होते, गणिती पिता होता. पात्र बुडावयास उशीर होत आहे हें कोणाच्याच ध्यानांत आलें नाहीं. ब्रह्मगुप्ताचें बाहुलें तेथें असतें तर तेंही स्वस्थ उभें राहिलें असतें. अल्-जझरीच्या सर्पानेंही, वाटी न बुडल्यानें, मान हालविली नसती. ठरल्याप्रमाणें घडलें तर पुढचें काम करणें एवढेंच त्यांचें कौशल्य. ठरल्याप्रमाणें घडत नाहीं, ही शंका त्यांस येत नाहीं. ती ज्यास यावी तो माणूसच. एका मुलीचें आयुष्य एका छिद्रावर टांगून सर्वांनीं निश्चिंत बसावें, यांत दोष मोत्याचा किती आणि बसणाऱ्यांचा किती, याचा विचार ज्याच्या त्यानें करावा.

अंतरपाट दूर होण्यापूर्वीं ‘सावधान’ म्हणण्याचा प्रघात आहे. तो शब्द केवळ वधूवरांसाठीं नाहीं. घंगाळाशीं बसलेल्यानेंही ऐकावा असाच आहे.