बंद दार आणि पडद्यावरची मैत्रीण

जपानी भाषेत ‘हिकिकोमोरी’ असा एक शब्द आहे. ‘हिकु’ म्हणजे ओढणे, ‘कोमोरु’ म्हणजे कोंडून राहणे. शाळा, नोकरी, मित्र सोडून जो सहा महिने किंवा जास्त काळ घरातच राहतो, तो हिकिकोमोरी. मानसोपचारतज्ज्ञ तामाकी साइतो यांच्या १९९८च्या पुस्तकामुळे हा शब्द तिथे घरोघरी पोचला. २०२३ मध्ये जपान सरकारने जाहीर केलेल्या पाहणीनुसार १५ ते ६४ वयाचे असे सुमारे १४ लाख ६० हजार लोक आहेत. मुलगा पन्नाशीचा, त्याला सांभाळणारी आई ऐंशीची, अशा घरांच्या प्रश्नाला ‘८०५०’ असे नावच पडले आहे.

आमच्या होस्टेलमध्ये ॲनिमेचे वेड पुष्कळांना आहे (मलाही). त्यामुळे सुट्टीत घरच्यांचा प्रश्न ठरलेला असतो: या कार्टूनमुळेच मुले एकलकोंडी होतात ना?

शंका अगदीच चुकीची नाही. पडद्यावरची मैत्रीण कधी रुसत नाही, आपल्याला हसत नाही, आपल्याकडून काही मागत नाही. हात्सुने मिकू हे २००७ साली साप्पोरोच्या कंपनीने काढलेले गाण्याचे सॉफ्टवेअर. तिचे वय कायमचे १६. २०१८ मध्ये एका जपानी माणसाने तिच्याशी लग्नसमारंभ केला. घरातल्या एका यंत्रातून ती त्याच्याशी बोलायची. २०२० मध्ये ती सेवा बंद झाली आणि बोलणे थांबले.

सगळे या बातमीला हसतात. पण तो माणूस कामाच्या ठिकाणी झालेल्या छळामुळे आधीच खचला होता. मिकूच्या गाण्यांनी सावरलो आणि कामावर परतलो, असे त्याने सांगितले आहे. म्हणजे दार आधी बंद झाले, मिकू नंतर आली. साइतोंनी ॲनिमेतल्या लढवय्या मुलींवरही २००० साली पुस्तक लिहिले. चाहत्यांना खरे-खोटे नीट कळते, असे त्यांचे मत आहे.

दार बंद होते ते बहुधा अपयशाने आणि लाजेने. परीक्षा हुकते, नोकरी जाते, मग ‘लोक काय म्हणतील’ म्हणून घरचेही गोष्ट लपवतात. जितके दिवस जातात तितके बाहेर पडणे अवघड होते. होस्टेलमध्ये पहाटे पीटी, रात्री हजेरी, त्यामुळे इथे कुणी खोलीत कोंडून घेऊ शकत नाही. पण टीममधून वगळलेला मुलगा मेसमध्ये चाळीस जणांत बसूनही कुणाशी बोलत नाही, हे आम्ही पाहतो.

जपानमध्ये २००९ पासून यासाठी सरकारी मदतकेंद्रे आहेत. बऱ्याचदा तिथे आधी आईवडीलच येतात. काही संस्था घरी माणूस पाठवतात. तो दाराबाहेर बसून बोलतो, फटीतून चिठ्ठ्या सरकवतो. आतून उत्तर यायला कधीकधी महिने लागतात.