हरवलेल्या चित्रपटाची स्थळप्रत

कचेरीत आम्ही कारकून मंडळी एक नियम कटाक्षाने पाळतो. पत्र बाहेर गेले तरी त्याची स्थळप्रत फाइलला राहिलीच पाहिजे. अशी प्रत नसल्यामुळे एका थोर चित्रकाराचे केवढे नुकसान झाले, ते वाचकांनी अवश्य जाणून घ्यावे.

अकबर पदमसी यांचा जन्म १९२८ साली मुंबईत झाला. जे. जे. कलाशाळेत ते शिकले. डोंगर, पाणी, सूर्य, चंद्र यांची त्यांची निसर्गचित्रे विख्यात आहेत. पण ती कोणा एका गावची नाहीत, मनात साठलेल्या भूमीची आहेत. १९६९ च्या सुमारास त्यांना जवाहरलाल नेहरू फेलोशिप मिळाली. त्या पैशातून त्यांनी मुंबईत कलावंतांची कार्यशाळा उभारली. तरुण नलिनी मलानी यांनीही तेथे काम केले. पदमसींनी स्वतः 'सिझिजी' हा रेषांचा चित्रपट केला आणि आपल्याच निसर्गचित्रावरून 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर' हा दुसरा. त्याची प्रत एकच होती. ती हरवली!

पुढे चार दशकांनंतर दिग्दर्शक आशिम अहलुवालिया यांनी वृद्ध पदमसींच्या आठवणींच्या आधारे तो पुन्हा उभा केला. २०१६ साली तो लोकांपुढे आला. २०२० साली पदमसी निवर्तले. आठवण सांगणारा माणूस हयात होता, म्हणूनच हे जमले.

भिवंडीच्या खाडीकाठी, यंत्रमागांच्या गल्ल्यांत, आपल्याही घरी जुने फोटो, पत्रे, सभांची पत्रके पेटीत पडून आहेत. त्यांची एकेक प्रत आजच काढावी. फोटोतली माणसे कोण, हे घरच्या आजीला विचारून मागे लिहून ठेवावे.