ड्वेन ऑलमनचा ध्वनिसंग्रह आणि शैलीचा कालानुक्रम

लेखकाच्या शैलीचा विकास अभ्यासावयाचा असता प्रथम त्याच्या लेखनाचा कालानुक्रम लावावा लागतो. वादकाच्या शैलीसही हाच न्याय लागू पडतो. अमेरिकन रॉक गिटारवादक ड्वेन ऑलमन (१९४६–१९७१) याच्या वादनाचा ‘स्कायडॉग’ हा संग्रह २०१३ साली प्रसिद्ध झाला. त्यात सात तबकड्यांवर १२९ ध्वनिमुद्रणे आहेत.

ऑलमनचे पुष्कळसे वादन इतरांच्या नावे निघालेल्या ध्वनिमुद्रिकांत विखुरलेले होते. विल्सन पिकेटला १९६८ साली केलेली साथ, पुढे स्वतःच्या वृंदातील वादन आणि १९७० मधील ‘लायला’ ही सुटी सुटी ऐकली, तर त्यांतील सातत्य सहसा ध्यानात येत नाही. प्रस्तुत संग्रह १९६५ पासून क्रमाने पुढे जातो. त्यामुळे औषधाची काचेची कुपी बोटात घालून तारांवर सरकविण्याची त्याची पद्धत, तीतून उमटणारी मींडसदृश स्वरगती आणि तिला येत गेलेली सफाई कानांनी पडताळता येते.

तथापि संग्रह म्हणजे निवडच होय. त्यात जे आढळत नाही, ते वादकाने कधी वाजविलेच नाही, असा निष्कर्ष काढणे सदोष ठरेल. भाषेच्या अभ्यासकांनाही हा इशारा अपरिचित नाही.