‘फिफ्टी-फिफ्टी’ : एका शब्दाचा हिशेब

(बी. ए. भाग २ च्या एका विद्यार्थिनीकडून)

आपल्या कॅन्टीनमध्ये दिवसातून सर्वांत जास्त वेळा कानांवर पडणारा शब्द कोणता, असे कोणी विचारले तर मी ‘फिफ्टी-फिफ्टी’ हे उत्तर देईन. दोघी मैत्रिणी आलूबोंड्यांची एक प्लेट मागवतात आणि पैसे देताना म्हणतात, फिफ्टी-फिफ्टी. इतिहासाचा पेपर कसा गेला? फिफ्टी-फिफ्टी. शेवटची एस. टी. मिळेल काय? फिफ्टी-फिफ्टी. शब्द एकच, पण प्रत्येक ठिकाणी त्याचा अर्थ निराळा आहे, हे प्रथम लक्षात आले तेव्हा मला मोठी मौज वाटली. प्रस्तुत लेखाची सुरुवात त्या मौजेतून झाली. पुढे तो आमच्या घरातल्या एका जुन्या हिशेबाकडे वळला, त्याला माझा इलाज नव्हता.

शंभरातले पन्नास तुझे, पन्नास माझे, ही या शब्दाची सरळ फोड. विसाव्या शतकाच्या आरंभी अमेरिकेतल्या बोलचालीत तो रूढ झाला. आमच्या इंग्रजीच्या सरांना विचारले तेव्हा ते म्हणाले, हा शब्द बोलण्यातला आहे, उत्तरपत्रिकेत लिहू नये. तिथे ‘इक्वली’ लिहावे. व्याकरणाच्या दृष्टीने तो विशेषण म्हणून चालतो, तसाच क्रियाविशेषण म्हणूनही. ‘फिफ्टी-फिफ्टी भागीदारी’ हा पहिला प्रकार. ‘फिफ्टी-फिफ्टी वाटून घेऊ’ हा दुसरा. त्याच्याच गोतातले आणखी काही शब्द सरांनी सांगितले. ‘गो हाव्ह्ज’ म्हणजे खर्च निम्मा-निम्मा सोसणे. ‘डिव्ही अप’ म्हणजे वाटून घेणे. हा ‘डिव्हिडंड’ या भारदस्त शब्दाचा तुकडा. ‘गो डच’ मात्र या गोतात बसवला जातो तरी तो खरा सोयरा नव्हे. सतराव्या शतकात इंग्रज आणि डच या दर्यावर्दी व्यापाऱ्यांच्या लढाया झाल्या आणि इंग्रजांनी अनेक हिणकस गोष्टींना डचांचे नाव चिकटवले. त्या वैराची छटा या शब्दप्रयोगातही उतरली, असे सांगतात. त्याचा अर्थ एवढाच, की ज्याने त्याने आपापले पैसे द्यावे. आपण त्याला ‘टीटीएमएम’ म्हणतो, म्हणजे तुझं तू, माझं मी. २०१७ साली याच नावाचा मराठी चित्रपटही येऊन गेला.

या दोहोंत फरक काय, असे कोणी म्हणेल. समजा, मी १० रुपयांचा चहा घेतला आणि मैत्रिणीने ३० रुपयांचे तर्री-पोहे. एकूण ४० रुपये. फिफ्टी-फिफ्टी केले तर प्रत्येकीला २० रुपये. टीटीएमएम केले तर मला १० आणि तिला ३०. पहिल्या वाटणीत मी १० रुपयांनी बुडाले, तरी वाटणी समानच झाली! वाटणी कशी करायची हे हा शब्द चोख सांगतो. कशाची करायची, याविषयी तो काहीच बोलत नाही. वाचकांनी एवढी गोष्ट ध्यानात ठेवावी, पुढे तिचे काम पडणार आहे.

दुसरा अर्थ शक्यतेचा. होईल किंवा न होईल, दोन्ही बाजू सारख्याच. २००० साली सुरू झालेल्या ‘कौन बनेगा करोडपती’ या कार्यक्रमामुळे हा अर्थ घरोघरी पोचला; चारांपैकी दोन चुकीची उत्तरे खोडली की उरलेल्या दोहोंत फिफ्टी-फिफ्टी. तिसरा अर्थ मिश्रणाचा, धड हे नाही आणि धड तेही नाही. गोड-खारट चवीचे त्या नावाचे बिस्कीट सर्वांच्या परिचयाचे आहे. पेपर फिफ्टी-फिफ्टी गेला असे म्हणणाऱ्याला कोणता अर्थ अभिप्रेत असतो हे निकालाच्या दिवशीच कळते.

अर्थाच्या या गोंधळाचा एक प्रसंग आमच्याच घरी घडला. आजोबा दवाखान्यात होते. डॉक्टर बाबांना म्हणाले, “आता फिफ्टी-फिफ्टी आहे.” बाबांनी क्षणभर विचार केला आणि विचारले, “मंग बाकीचे अर्धे पैसे कोन देईन साहेब?” डॉक्टर शक्यता सांगत होते, बाबा वाटा समजले. ही गोष्ट मी वसतिगृहात सांगितली तेव्हा सगळ्या हसल्या, मीही हसले. परंतु बाबांचे चुकले असे मला वाटत नाही. ज्या माणसाने आयुष्यभर दुसऱ्याची शेती बटईने केली, त्याला या शब्दाचा दुसरा अर्थ ठाऊक असण्याचे कारण नव्हते.

हा शब्द येण्यापूर्वी आपल्याकडे वाटण्या होत नव्हत्या असे थोडेच आहे? एक तीळ सात जणांनी वाटून खावा, अशी आपली म्हण. ‘अर्धा’ हा शब्द संस्कृतातून आला, ‘निम्मा’ फारसीतल्या ‘नीम’वरून. नीमहकीम म्हणजे अर्धा वैद्य, तोच हा नीम. ‘अर्ध’ या शब्दाविषयी आमच्या संस्कृतच्या मॅडमनी एक फार सुंदर गोष्ट सांगितली. पाणिनीने अष्टाध्यायीत ‘अर्ध’ शब्दासाठी एक स्वतंत्र सूत्र केले आहे. हा शब्द नपुंसकलिंगी असेल तेव्हाच त्याचा अर्थ बरोबर अर्धा, समान भाग असा होतो आणि मग तो समासात आधी येतो, जसे ‘अर्धपिप्पली’, म्हणजे पिंपळीचा नेमका अर्धा तुकडा. पुल्लिंगी असेल तर तो नुसता एक भाग. ‘ग्रामार्ध’ म्हणजे गावाचा काही भाग, मग तो निम्मा असो वा नसो. खरा अर्धा आणि म्हणायचा अर्धा यांत फरक असतो, हे त्या वैयाकरणाला अडीच हजार वर्षांपूर्वी सूत्रात बांधून ठेवावेसे वाटले, याचे मला नवल वाटते.

आमच्या भागातले जुने लोक टक्क्यांत बोलत नाहीत, आण्यांत बोलतात. सोळा आणे म्हणजे पूर्ण, आठ आणे म्हणजे निम्मे. १ एप्रिल १९५७ पासून दशमान नाणी आली, आणे व्यवहारातून गेले, पण हिशेबातून गेले नाहीत. पिकाची ‘आणेवारी’ तेवढी ‘पैसेवारी’ झाली. सप्टेंबरअखेर नजरअंदाज, ऑक्टोबरअखेर सुधारित आणि डिसेंबरअखेर अंतिम, अशी पैसेवारी आपल्या जिल्ह्यात जाहीर होते आणि सर्वांचे डोळे एकाच आकड्याकडे लागतात : ५० पैसे. पीक पन्नास पैशांच्या खाली आले की टंचाई मानून गावाला सवलती देण्याची पद्धत पडली. आपल्यापैकी कित्येकांनी भोगलेली परीक्षा शुल्काची माफी ही त्यांतलीच एक.

आता बटईकडे येते. आपल्या वाचकांपैकी अनेकांना ती माहीत असेल, पण शहरातून आलेल्या मित्रमैत्रिणींसाठी सांगते. मालकाने जमीन द्यायची, बटईदाराने ती कसायची. बियाणे, खत, फवारणीचे औषध यांचा खर्च निम्मा-निम्मा आणि माल निघाला की तोही निम्मा-निम्मा. गाय किंवा बकरीदेखील अशीच पोसायला देतात, तिला काही ठिकाणी ‘अर्धेली’ म्हणतात. हे सारे गुढीपाडव्याच्या सुमारास तोंडी ठरते. पूर्वी ‘आठ आणे वाट्यानं’ म्हणत. आता म्हातारे शेतकरीही सर्रास ‘फिप्टी-फिप्टी’ म्हणतात. शब्द इंग्रजी झाल्याने व्यवहार पक्का झाल्यासारखा वाटतो, एवढाच मला त्यातला लाभ दिसतो.

२०१७ साल. मी अकरा वर्षांची होते, पाचवीत होते. बाबांनी एका मालकाची पाच एकर शेती बटईने केली होती. सारी कपाशी. त्या साली गुलाबी बोंडअळीने कसा कहर केला हे सर्वांना आठवत असेल. पांढरी दिसणारी बोंडे फोडली की आत किडका कापूस निघे. एरवी जिथे तीस क्विंटल व्हायचा तिथे १४ क्विंटल झाला. बाबा चौथी शिकलेले, म्हणून हिशेब माझ्या पाटीवर मांडला गेला. ४,५०० रुपये क्विंटलने ६३,००० रुपये आले. निम्मे ३१,५००. बियाणे-खत-औषधाचे ३८,००० मालकांनीच आधी घातले होते, त्यांतले निम्मे १९,००० बाबांच्या वाट्यातून गेले. उरले १२,५००. वेचाई मात्र बटईदाराची, तशी रीत. चौदाशे किलोची, सहा रुपये किलोप्रमाणे ८,४००. हाती राहिले ४,१०० रुपये. बाबांनी मला दोनदा विचारले, “बरोबर हाये न बाई?” मी दोनदा पडताळून पाहिले आणि म्हणाले, “बरोबर आहे बाबा.” शाळेत गणितात मला चांगले गुण पडत.

खोटे त्यात काहीच नव्हते. मालकाची बाजू नाही असेही नाही. जमीन त्यांची, रोख पैसा त्यांचा आणि उत्पन्न बुडाले ते त्यांचेही. परंतु आठ महिने वखरणी, डवरणी, निंदण, फवारणी कोणी केली, ते पाटीवर कुठेच नव्हते. त्याच पावसाळ्यात आपल्या जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले, शेकडो रुग्णालयात गेले. बाबांनाही एका संध्याकाळी मळमळ झाली, डोळ्यांची आग झाली. दोन दिवसांत ते बरे झाले. औषधाच्या बाटलीची निम्मी किंमत हिशेबात होती, पंप पाठीवर घेऊन फिरणारा माणूस नव्हता. पुढे बोंडअळीची नुकसानभरपाई जाहीर झाली. ती सातबाऱ्यावर ज्याचे नाव त्याच्या खात्यात जाते, बटईदाराचे नाव तिथे नसते. पीककर्जाचेही तसेच. भरपाईत फिफ्टी-फिफ्टी कोणी म्हटले नाही, बाबांनी मागितलेही नाही, कारण पाडव्याला तिचा उल्लेखच झाला नव्हता.

आणखी एक. ‘बाबांचा अर्धा वाटा’ असे मी लिहीत आले आहे. निंदण सारे आईने केले, वेचाईलाही ती होतीच. त्या अर्ध्यातला तिचा अर्धा कोणता, हे मी तिला अलीकडे विचारले. ती म्हणाली, “घरात कायची फिप्टी-फिप्टी वं?” माहेरच्या जमिनीचेही तिने असेच केले. आपल्या राज्यात १९९४ च्या आणि साऱ्या देशात २००५ च्या कायदादुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच वाटा मिळाला. दोन मामा आणि आई मिळून तिघांचे तीन वाटे झाले असते. आईने हक्कसोडपत्रावर सही केली आणि लुगडे घेऊन परत आली. “भावाचं दार उघडं राह्यलं पाह्यजे, त्यातच माहा हिस्सा आला,” असे तिचे म्हणणे. मला ते पटत नाही. पण दिवाळीला मामाकडे जायला मिळते तेव्हा मी तिच्या आधी पिशवी भरते, हेही खरे.

तोंडी ठरलेल्या फिफ्टी-फिफ्टीचे काय होते हे २०१९ च्या विधानसभा निवडणुकीनंतर साऱ्या महाराष्ट्राने पाहिले. सत्तेत फिफ्टी-फिफ्टी ठरले होते, त्यात मुख्यमंत्रिपदही आले, असे एक पक्ष म्हणाला. मुख्यमंत्रिपदाचे ठरलेच नव्हते, असे दुसरा. कोण खरे, या वादात मी पडत नाही. एवढ्या मोठ्या लोकांचीही अडचण आमच्या बांधावरच्यासारखीच निघाली, म्हणजे शब्द ठरला होता, कशाचा ते दोघांच्या मनात वेगवेगळे होते.

मग लिहून का ठेवत नाहीत? याचे उत्तर मला राज्यशास्त्राच्या नव्हे, तर बाबांच्या तोंडून मिळाले. विदर्भासाठीचा कूळकायदा १९५८ चा. कसणाऱ्याला संरक्षण मिळावे म्हणून तो झाला. पण कागद केला तर उद्या बटईदार कूळ म्हणून हक्क सांगेल, ही मालकांची धास्ती तेव्हापासून गेलेली नाही. म्हणून कागद नाही. कागद नाही म्हणून कर्ज नाही, भरपाई नाही. कसणाऱ्याच्या रक्षणासाठी केलेला कायदा असा उलटा फिरला आहे.

यंदाच्या पाडव्याला मालक घरी आले तेव्हा मी वही घेऊन बसले. त्यांना आम्ही काका म्हणतो. ते म्हणाले, “कागद कायले पाह्यजे बाई? भरोसा नाही का आमच्यावर?” मी म्हटले, सही नको काका, फक्त आठवणीसाठी लिहून ठेवते. बाबा जमिनीकडे पाहत होते. काकांनी चहा घेतला आणि म्हणाले, बरं, लिही. बियाणे-खत निम्मे-निम्मे. औषध निम्मे-निम्मे. फवारणीची मजुरी धरायची, निम्मी-निम्मी; इथे ते थोडे थांबले, पण हो म्हणाले. वेचाई निम्मी-निम्मी, यालाही हो म्हणाले. पाचव्या ओळीला मी ‘नुकसानभरपाई’ असे लिहिले. “ते आली त पाहू,” काका म्हणाले आणि उठले. त्या ओळीपुढची जागा वहीत अजून कोरी आहे.