कारखान्याचा खेळ (भाग चौदावा) : कोटीत चाळीस, लाखात दोनशे

खेळातल्या रेल्वेच्या साखळी सिग्नलबद्दल या वेळी लिहायचं ठरलं होतं. ते पुढच्या आठवड्यावर ढकलतो. तुमच्या चौकात एकमेकींची वाट बघत अडकलेल्या गाड्यांना आणखी सात दिवस तसंच उभं राहू द्या, त्यांची काही तक्रार नसते. मध्येच सुदामा नगरातून एक पत्र आलं, आणि त्यातला प्रश्न असा की त्याला दोन ओळींत उत्तर देऊन भागणार नाही.

पत्रलेखक पीथमपूरच्या एका गिअर कारखान्यातून निवृत्त झालेले आहेत. ही लेखमाला वाचून त्यांनी नातवाकडून फॅक्टोरियो बसवून घेतला. लिहितात : ‘तुम्ही सांगितल्याप्रमाणे लाइन लावून राहिलो आहे. लोखंडाची झाली, तांब्याची झाली, आणि हे किडे येऊन सगळं पाडून राहिलेत. मला कारखाना चालवायचा आहे हो, लढाई नाही करायची. नातू म्हणतो, आजोबा, शत्रू बंदच करून टाका. करू का?’

काका, करू नका. निदान सगळं एकदम बंद करू नका. नातवाने सांगितलेला मार्ग आहे खरा, नवा नकाशा बनवतानाच ‘शत्रू नकोत’ अशी एक चौकट असते, टिचकी मारली की काम झालं. पण त्या चौकटीसोबत खेळाचा निम्मा जीव जातो, आणि तुम्हाला जे हवं आहे ते त्याहून कितीतरी बारीक दुरुस्तीने मिळतं.

हे किडे, म्हणजे बायटर, किती चिवट झालेत हे एका आकड्यावर ठरतं. त्याला उत्क्रांती म्हणतात. तो शून्यापासून सुरू होतो आणि एककडे सरकत राहतो. साधारण ०.२ ओलांडला की मध्यम आकाराचे बायटर निघू लागतात, ०.५ ला मोठे, ०.९ ला महाकाय. छोट्या बायटरची ताकद १५, मध्यमची ७५, मोठ्याची ३७५, महाकायची ३,०००. पण खरी गोम ताकदीत नाही, कवचात आहे. साधी गोळी ५ चा मार देते. छोट्याला तीन गोळ्या पुरतात. मध्यमचं कवच त्या पाचातले चार आधीच गिळतं आणि उरलेल्यावर आणखी दहा टक्के कापून घेतं. हाती उरतो ०.९. म्हणजे एका मध्यम बायटरला ऐंशीच्या वर गोळ्या! कवचभेदी गोळी ८ चा मार देते, तिला एकवीसच लागतात. संशोधन करून मार वाढवला नसेल तर काल रात्रीपर्यंत निवांत असलेली तटबंदी ०.२ च्या पायरीवर एकाएकी कोसळते ती यामुळे. काकांचंही हेच झालं असणार. शत्रू वाढले म्हणून नव्हे, गोळी तीच राहिली म्हणून. टरेटमध्ये (तटावरच्या स्वयंचलित बंदुकीत) आजच कवचभेदी गोळ्या भरा, अर्धं दुखणं इथेच थांबेल.

उरलेलं अर्धं दुखणं तीन आकड्यांमध्ये आहे. नकाशा बनवताना शत्रूंच्या पानावर ते सरळ दिसतात : वेळेचा ४०, धुराचा ९, वारुळं फोडण्याचा २००. (बायटर ज्यातून निघतात त्या घरट्यांना मी पहिल्यापासून वारूळच म्हणत आलो आहे.) हे आकडे कशाचे, हे पहिल्या नजरेत कळत नाही, आणि बहुतेक खेळाडू त्यांना हातही लावत नाहीत. आपल्याला मात्र ते समजायला फार सोपे आहेत, कारण हा सगळा हिशोब नेमका लाख-कोटीत बसतो. खेळाचा काटा दर सेकंदाला उत्क्रांतीत कोटीत चाळीस भाग मिळवतो. कारखान्याने सोडलेल्या धुराच्या दर एककाला कोटीत नऊ. आणि तुम्ही फोडलेल्या दर वारुळामागे लाखात दोनशे. जसजशी उत्क्रांती वर जाते तसतशी ही भर कमी होत जाते, म्हणून एकपर्यंत तो आकडा सहसा पोचत नाही.

आता जरा कागद-पेन्सिल घेऊ. वीस बॉयलर आणि विजेवर चालणारी चाळीस खाणयंत्रं असलेला कारखाना धरा. बॉयलर मिनिटाला ३० एकक धूर सोडतो, खाणयंत्र १०. भट्ट्या सोडून दिल्या तरी मिनिटाला १,००० एकक होतात, तासाला ६०,०००. त्याची उत्क्रांती ०.०५४. त्याच तासात घड्याळाने मिळवले फक्त ०.०१४४. म्हणजे धुराचा भार घड्याळाच्या जवळजवळ चौपट. असा कारखाना चार तासांच्या आत ०.२ ची पायरी गाठतो.

आता काकांचा कारखाना घ्या. त्यांनी पत्रात बेतच लिहिला आहे : पाच बॉयलर, दहा खाणयंत्रं. मिनिटाला २५० एकक, तासाला उत्क्रांती ०.०१३५. घड्याळाचे मात्र तेच ०.०१४४! छोट्या, सावकाश कारखान्याला धुरापेक्षा घड्याळ जास्त छळतं. हा माणूस जागा मोजून पट्टा टाकणारा आहे, प्रत्येक वळणावर थांबून विचार करणारा आहे. तो विचार करत असताना पट्टे तुंबतात, यंत्रं थांबतात, धूरही थांबतो. घड्याळ थांबत नाही. काका नऊ तासांत ०.२ वर पोचतात. वेळेचा ४० पुसून तिथे शून्य लिहिलं, बाकी काहीही बदललं नाही, तर त्याच ठिकाणी पोचायला साडेअठरा तास लागतात.

मला हा वेळेचा आकडा कधीच न्याय्य वाटला नाही. धुराचा दंड हावरेपणाला आहे, वारुळांचा दंड भांडखोरपणाला आहे, दोन्ही समजण्यासारखे. घड्याळाचा दंड कशाला, तर विचार करण्याला. ज्यांना धावपळीत मजा येते त्यांनी तो जरूर ठेवावा. पन्नाशी-साठीत पहिल्यांदा हा खेळ हातात घेणाऱ्याने पहिल्याच दिवशी तो शून्य करावा आणि त्यात कसलाही कमीपणा मानू नये.

धुराच्या नवाला मात्र हात लावायचा नाही. या मुद्द्यावर माझ्याशी वाद घालणारे वाचक आहेत, त्यांची पत्रं माझ्याकडे आहेत, तरीही. कारण बाकी सगळा खेळ त्या नवावर उभा आहे. धूर जमिनीवरून चौकोना-चौकोनाने पसरतो, झाडं त्यातला काही पितात, उरलेला वारुळापर्यंत पोचला की वारूळ तो शोषून घेतं आणि त्याच्या बदल्यात हल्लेखोर पाठवतं. त्याचा दरही ठरलेला आहे : छोट्या बायटरला ४ एकक, मध्यमला २०, मोठ्याला ८०, महाकायला ४००. एका बॉयलरचा मिनिटभराचा धूर जसाच्या तसा पोचला तर सात छोटे बायटर निघतात. हे कळलं की नकाशा वेगळाच दिसू लागतो. कारखाना जंगलाच्या अलीकडे ठेवावा का, बॉयलर काढून सौर पट्ट्या कधी लावाव्यात, खाणयंत्रात काटकसरीचे तीन मॉड्यूल बसवून त्याचा धूर १० वरून २ वर आणावा का, हे सगळे प्रश्न जिवंत होतात. शत्रू बंद केले की मॉड्यूल आणि सौर पट्ट्या नुसते विजेच्या बिलाचे विषय उरतात.

एक बारीक गोष्ट इथेच सांगतो, जुन्या खेळाडूंनाही ती चकवते. झाडं हल्ला अडवतात, उत्क्रांती अडवत नाहीत. उत्क्रांतीच्या हिशोबात धूर सोडला त्या क्षणी धरला जातो, मग तो वारुळापर्यंत पोचो वा न पोचो. दाट जंगलात लपलेला कारखाना तासन्‌तास शांत असतो, आणि ज्या दिवशी धूर जंगलाबाहेर पडतो त्या दिवशी पहिल्याच टोळीत मध्यम बायटर असतात.

धूर एकाने सोडायचा आणि सोसायचा दुसऱ्याने, हे पीथमपूरच्या माणसाला मी काय समजावणार! जानेवारी २०२५ मध्ये भोपाळच्या युनियन कार्बाइडचा ३३७ टन कचरा जाळायला तिथे आणला गेला, तेव्हा बाजार बंद ठेवून लोक रस्त्यावर उतरले होते. खेळात सोसणाऱ्यालाच शत्रू म्हणून रंगवलंय, ते मला खटकतं. पण हिशोब प्रामाणिक आहे, धुराचं बिल कुणाच्या तरी दारी जातंच, आणि म्हणूनच तो नऊ मला पुसवत नाही.

हा खेळ बनवणाऱ्या प्राग शहरातल्या वूब सॉफ्टवेअरलाही शत्रू हवेत की नकोत या प्रश्नाने बरीच वर्षं घोळात ठेवलेलं दिसतं. सुरुवातीच्या आवृत्त्यांत वारुळं फोडल्यावर एक वस्तू मिळायची आणि ती वापरल्याशिवाय वरचं संशोधन पुढे सरकत नसे. म्हणजे छेडल्याशिवाय शत्रू अंगावर न येणारा शांतता-प्रकार निवडला तरी शेवटी हातात बंदूक घेऊन वारुळावर जावंच लागे! एप्रिल २०१७ मधल्या ०.१५ या आवृत्तीत ती वस्तू काढून टाकली. काकांसारख्यांना रॉकेट उडवण्याचा रस्ता तेव्हा मोकळा झाला. २०२४ च्या ऑक्टोबरात २.० आली, तिच्यासोबत ‘स्पेस एज’ हा विस्तार आला, तेव्हा त्यांनी ग्रहागणिक शत्रूच वेगळा केला. फुल्गोरावर कुणीच चाल करून येत नाही. ग्लेबावर धुराऐवजी शेतीतून उडणारे बीजाणू शत्रूला ओढतात. आणि प्रत्येक ग्रहाची उत्क्रांती स्वतंत्र मोजली जाते.

इतरांनी काय केलं तेही बघण्यासारखं आहे. चोंगचिंगच्या युथकॅट स्टुडिओचा ‘डायसन स्फिअर प्रोग्रॅम’ जानेवारी २०२१ मध्ये आला तेव्हा त्यात शत्रूच नव्हते. डिसेंबर २०२३ मध्ये ते आले, तेही हवे तर घ्या, नको तर सोडा अशा बोलीवर. स्वीडनच्या कॉफी स्टेनच्या ‘सॅटिसफॅक्टरी’त प्राणी आपणहून हल्ला करतील, छेडल्यावरच करतील की मुळीच करणार नाहीत, हे निवडता येतं. शिवाय ज्यांना कोळ्यांची भीती वाटते त्यांच्यासाठी एक वेगळी सोय आहे : ती चालू केली की अंगावर धावून येणाऱ्या कोळ्यांच्या जागी मांजरांची चित्रं धावून येतात. आमच्या घरात एकीने तो खेळ निव्वळ त्या सोयीवर पुरा केला.

तर काका, असं करा. नवा नकाशा. वेळेचा आकडा शून्य. सुरुवातीचा मोकळा परिसर दुप्पट. शत्रूंचा विस्तार बंद, म्हणजे तुम्ही एकदा साफ केलेल्या जागी नवी वारुळं येऊन बसणार नाहीत. धुराचा ९ आणि वारुळांचा २०० तसेच. एवढं करूनही जड गेलं, तर शेवटच्या पानावर धुराच्या रकान्यात हल्ल्याच्या किमतीची टक्केवारी आहे, ती १०० ची २०० करा. तेवढ्याच धुरात निम्मेच बायटर येतील, पण धुराचा हिशोब जिवंत राहील. तयार मांडण्यांपैकी ‘रेल वर्ल्ड’ या बेताच्या जवळ जाते : तिच्यात विस्तार बंदच असतो आणि वेळेचा आकडा ४० चा २० असतो. ‘डेथ वर्ल्ड’कडे मात्र नातू कितीही म्हणाला तरी फिरकू नका. तिथे वेळेचा आकडा २०० आहे, धुराचा १२, आणि हल्ल्याची किंमत निम्मी, म्हणजे तेवढ्याच धुरात दुप्पट पाहुणे.

आणि शांतता-प्रकाराबद्दल, कारण नातू आता तेच सुचवणार. त्यात तुम्ही छेडल्याशिवाय बायटर अंगावर येत नाहीत, पण आत उत्क्रांती चालूच राहते. खनिज संपल्यावर नव्या खाणीसाठी पहिलं वारूळ हलवायला जाल तेव्हा आतून कोण बाहेर येईल, याची कल्पना ठेवा.

हे सगळं नकाशा सुरू करण्यापूर्वी. नंतर बदलायचं तर कन्सोलमध्ये आज्ञा लिहाव्या लागतात, आणि मग त्या नकाशावर सन्मानचिन्हं मिळणं बंद होतं. काकांना चिन्हांची पर्वा नसावी, नातवाला असेल.

बाकी वाचकांना एक काम. आपापल्या चालू नकाशात कन्सोल उघडा, तिरकी रेघ देऊन इंग्रजीत ‘इव्होल्यूशन’ लिहा. या आज्ञेने चिन्हांना धक्का लागत नाही. उत्क्रांतीचा आकडा आणि वेळ, धूर, वारुळं यांच्या तीन टक्केवाऱ्या दिसतील. ते आणि आपल्या बॉयलरांची संख्या मला कळवा. पुढच्या भागात सिग्नल नक्की.